श्रीव्हपोर्ट रेल्वेभाडे खटला (१९१४): वारंवार विचारले जाणारे प्रश्न

अमेरिकेच्या सर्वोच्च न्यायालयाने ८ जून १९१४ रोजी दिलेला हा निकाल राज्यघटनेच्या पुस्तकांत हमखास भेटतो, पण बहुतेक ठिकाणी त्याची एका ओळीत बोळवण होते: 'केंद्राला राज्यातल्या राज्यात धावणाऱ्या गाड्यांच्या भाड्यावरही अधिकार मिळाला.' ही ओळ अर्धीच खरी आहे. त्या निकालात एका शहराची रास्त तक्रार आहे, हात बांधलेला एक सरकारी आयोग आहे, आणि मर्यादा सांभाळून दिलेला उपाय आहे. एका ओळीत यातलं सगळंच गळून पडतं. विद्यार्थी आणि इतर वाचक जे प्रश्न पुन्हा पुन्हा विचारतात, त्यांची उत्तरं इथे एकत्र दिली आहेत.

मुळात भांडण कशाचं होतं?

मालवाहतुकीच्या भाड्याचं. श्रीव्हपोर्ट हे लुइझियाना राज्यातलं, टेक्सासच्या हद्दीलगतचं व्यापारी शहर. रेल्वेमार्गाने ते डॅलसपासून १८९ मैलांवर आणि ह्यूस्टनपासून २३१ मैलांवर. डॅलस आणि ह्यूस्टन दोन्ही टेक्सासमध्ये. या तीन शहरांच्या मधल्या पट्ट्यात, म्हणजे पूर्व टेक्सासमध्ये, लहान लहान गावं होती आणि तिथल्या दुकानदारांना माल पुरवायला तिन्ही शहरांचे घाऊक व्यापारी धडपडत होते.

अडचण अशी की रेल्वे कंपन्या टेक्सासच्या शहरांतून निघणाऱ्या मालाला कमी भाडं लावत आणि श्रीव्हपोर्टहून निघणाऱ्या मालाला जास्त. कंपनी तीच, रूळ तेच, पोहोचायचं गावही तेच.

फरक खरंच इतका मोठा होता का?

निकालपत्रात दिलेले आकडेच पाहावेत. भाडं दर १०० पौंडांचं, म्हणजे साधारण ४५ किलोंचं आहे.

भाड्यासाठी मालाचे वर्ग पाडलेले असत. ६० सेंटमध्ये पहिल्या वर्गाचा माल डॅलसहून पूर्वेकडे १६० मैल जायचा. श्रीव्हपोर्टहून तेवढ्याच पैशांत तो टेक्सासमध्ये फक्त ५५ मैल जायचा.

लफकिन हे गाव ह्यूस्टनपासून ११८.२ मैल आणि श्रीव्हपोर्टपासून ११२.५ मैल. श्रीव्हपोर्ट थोडं जवळच. तरी ह्यूस्टनहून भाडं ५० सेंट आणि श्रीव्हपोर्टहून ६९.

सगळ्यात बोलकं उदाहरण मार्शलचं. घोडे जुंपायच्या गाड्या डॅलसहून मार्शलला १४७.७ मैल न्यायला ३६.८ सेंट पडत. श्रीव्हपोर्टहून मार्शल अवघ्या ४२ मैलांवर, पण भाडं ५६ सेंट. मार्शलमधल्या दुकानदाराच्या जागी स्वतःला ठेवून बघा. गाड्यांचा व्यापारी शेजारच्या शहरात बसला आहे, माल चांगला आहे, ओळखही आहे. पण बिलात भाडं धरलं की साडेतीन पट लांबून येणारी गाडी स्वस्त पडते. तो श्रीव्हपोर्टला का म्हणून मागणी देईल? श्रीव्हपोर्टच्या व्यापाऱ्याने नफा कमी केला, कष्ट वाढवले, तरी ही दरी त्याला एकट्याने बुजवता येत नव्हती.

फर्निचरची तीच गत. लाँगव्ह्यूला डॅलसहून १२४ मैलांना २४.८ सेंट आणि श्रीव्हपोर्टहून ६५.७ मैलांना ३५ सेंट.

रेल्वे कंपन्या असा दुजाभाव का करत होत्या?

राज्यातल्या राज्यात होणाऱ्या वाहतुकीचे दर टेक्सासचं रेल्वे कमिशन ठरवत असे आणि ते दर कमी होते. ते मोडले तर कंपनीला दंड. राज्याची हद्द ओलांडून येणाऱ्या मालावर मात्र टेक्सासचा अंमल चालत नव्हता. तिथे कंपन्यांनी चढे दर कायम ठेवले.

म्हणून कंपन्यांचा पवित्रा असा होता की दुजाभाव आम्ही केलेलाच नाही, राज्याने आमच्याकडून करवून घेतला. यात तथ्य होतं. पण आंतरराज्य दर चढे ठेवायला त्यांना कुणी भाग पाडलं नव्हतं, हेही तितकंच खरं.

टेक्सासचं रेल्वे कमिशन वाईट हेतूने वागत होतं का?

मला तसं वाटत नाही. गव्हर्नर जेम्स हॉग यांच्या काळात, १८९१ मध्ये, ते स्थापन झालं तेव्हा रेल्वे कंपन्यांच्या मनमानीने शेतकरी जेरीस आले होते. कमिशनचे पहिले अध्यक्ष जॉन रेगन. त्यासाठी त्यांनी अमेरिकी सिनेटमधली जागा सोडली. त्याआधी केंद्राचा आंतरराज्य व्यापार कायदा व्हावा म्हणून प्रतिनिधिगृहात वर्षानुवर्षं झटणारेही हेच रेगन. त्या कायद्याने उभ्या केलेल्या ज्या केंद्रीय आयोगाशी टेक्सासची पुढे टक्कर झाली, त्याच्या जन्मात टेक्सासच्याच माणसाचा मोठा हात होता.

राज्याच्या संस्थेने आपल्या राज्यातल्या लोकांसाठी दर कमी ठेवावेत हे स्वाभाविक आहे. पण हद्दीपलीकडच्या शहराला त्याची झळ बसली तर त्या शहराने दाद कुठे मागायची? टेक्सासच्या निवडणुकीत श्रीव्हपोर्टच्या व्यापाऱ्याला मत नाही. लुइझियानाच्या सरकारचा टेक्सासवर अधिकार नाही. घोडं इथेच पेंड खात होतं.

तक्रार कुणी केली?

लुइझियानाच्या रेल्वे कमिशनने, केंद्राच्या आंतरराज्य व्यापार आयोगाकडे. म्हणजे हा नुसता केंद्र विरुद्ध राज्य असा सामना नव्हता. एका राज्याची संस्था दुसऱ्या राज्यातल्या दरांमुळे आपल्या शहरावर होणारा अन्याय घेऊन केंद्राच्या दारात गेली होती.

या आयोगाकडे अधिकार तरी किती होते?

याचं उत्तर थोडं लांबणार आहे, कारण त्याशिवाय १९१४ च्या निकालाचं वजन कळत नाही.

आधी राज्यंच रेल्वेला लगाम घालत होती. १८८६ मध्ये वॉबॅश खटल्यात सर्वोच्च न्यायालयाने सांगितलं की आंतरराज्य वाहतुकीचे दर राज्यांना ठरवता येणार नाहीत. त्या खटल्यातही गोष्ट अशीच होती. इलिनॉयमधलं गिलमन हे गाव पिओरियापेक्षा न्यूयॉर्कला ८६ मैलांनी जवळ. तरी न्यूयॉर्कला माल पाठवताना पिओरियाला १५ सेंट पडत आणि गिलमनला २५. इलिनॉयने हे कायद्याने रोखलं होतं. न्यायालयाने तो अधिकार काढून घेतला आणि केंद्राचा कायदा नसल्यामुळे मध्ये पोकळी राहिली.

ती भरायला ४ फेब्रुवारी १८८७ रोजी राष्ट्राध्यक्ष ग्रोव्हर क्लीव्हलँड यांनी आंतरराज्य व्यापार कायद्यावर सही केली आणि पाच सदस्यांचा आयोग उभा राहिला. अमेरिकेतली स्वतंत्र नियामक संस्थांची परंपरा इथून सुरू होते.

पुढची दहा वर्षं आयोगाला न्यायालयात ठेचा खाव्या लागल्या. १८९७ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने म्हटलं की एखादा दर अवाजवी आहे असं आयोग सांगू शकतो, पण यापुढे अमुक दर लावा असं सांगण्याचा अधिकार कायद्याने त्याला दिलेला नाही. त्याच वर्षी दुसऱ्या निकालाने जवळच्या टप्प्याला लांबच्या टप्प्यापेक्षा जास्त भाडं लावण्यावरची बंदीही खिळखिळी झाली. आयोग राहिला तो बराचसा आकडेवारी गोळा करण्यापुरता.

मग काँग्रेसने, म्हणजे अमेरिकेच्या संसदेने, आयोगाला पुन्हा बळ दिलं. १९०६ च्या हेपबर्न कायद्याने तक्रारीची चौकशी करून कमाल दर ठरवण्याचा अधिकार मिळाला आणि सदस्य पाचाचे सात झाले. १९१० च्या मॅन-एल्किन्स कायद्याने दरवाढीला चौकशी होईपर्यंत स्थगिती देता येऊ लागली. त्याच वर्षी न्यायालयानेही सांगितलं की आयोग आपल्या अधिकारात वागला असेल तर त्याच्या निर्णयाच्या जागी आम्ही आमचं मत बसवणार नाही.

श्रीव्हपोर्टची तक्रार आली ती अशा, नुकतंच बळ आलेल्या आयोगापुढे.

आयोगाने काय आदेश दिला?

११ मार्च १९१२ च्या आदेशात दोन गोष्टी होत्या.

पहिली, श्रीव्हपोर्टहून टेक्सासमधल्या ठरावीक ठिकाणी जाणाऱ्या मालाचे वर्गवार दर अवाजवी ठरवून त्यांना कमाल मर्यादा घातली. ही मर्यादा टेक्सासच्या कमिशनने तेवढ्याच अंतरासाठी ठरवलेल्या दरांच्या जवळपास होती. आंतरराज्य दरांवर आयोगाचा अधिकार निर्विवाद होता, त्यामुळे या भागाने फार खळबळ उडाली नाही.

दुसरी गोष्ट नाजूक होती. टेक्सासच्या शहरांना अवाजवी झुकतं माप मिळतं आहे आणि श्रीव्हपोर्टला सापत्न वागणूक, तेव्हा हा भेद बंद करा, असा आदेश कंपन्यांना दिला. आता भेद बंद करायचे मार्ग दोनच: श्रीव्हपोर्टचे दर खाली आणा, नाहीतर टेक्सासमधले वर न्या. दुसरा मार्ग धरला की कंपनी टेक्सासच्या कमिशनचा हुकूम मोडणार. म्हणजे केंद्राचा आयोग कंपन्यांना राज्याने ठरवलेल्या दरातून मोकळं करत होता.

कंपन्या या आदेशाविरुद्ध कॉमर्स कोर्टात, म्हणजे आयोगाच्या आदेशांवरचे खटले ऐकणाऱ्या केंद्रीय न्यायालयात गेल्या. तिथे हरल्या आणि सर्वोच्च न्यायालयात आल्या.

कंपन्यांचा युक्तिवाद काय होता?

एक, राज्यातल्या राज्यात होणाऱ्या वाहतुकीचे दर हा काँग्रेसच्या कक्षेबाहेरचा विषय आहे, मग त्यातून दुजाभाव होत असला तरी. दोन, काँग्रेसला तो अधिकार आहे असं घटकाभर मानलं, तरी तिने तो आयोगाला दिलेला नाही.

यातला दुसरा मुद्दा कच्चा समजू नये. १८८७ च्या कायद्याच्या पहिल्याच कलमात लिहिलेलं होतं की संपूर्णपणे एका राज्याच्या आत होणाऱ्या वाहतुकीला हा कायदा लागू नाही.

न्यायालयाने काय ठरवलं?

आयोगाचा आदेश कायम केला. निकाल लिहिला न्यायमूर्ती चार्ल्स इव्हान्स ह्यूज यांनी.

पहिल्या मुद्द्यावर ते म्हणतात की आंतरराज्य व्यापाराचं रक्षण करण्याचा अधिकार पूर्ण आहे. ज्या बाबींचा आंतरराज्य वाहतुकीशी इतका जवळचा आणि ठोस संबंध आहे की त्यांना हात लावल्याशिवाय ते रक्षण होऊच शकत नाही, त्या बाबींपर्यंत हा अधिकार पोहोचतो. राज्यातली आणि राज्याबाहेरची वाहतूक एकमेकींत अशी गुंतली असेल की एकीचं नियमन केलं की दुसरीवर ताबा येतोच, तर अंतिम शब्द काँग्रेसचा.

यासाठी त्यांनी आधीच्या निकालांचा आधार घेतला. १९११ मध्ये न्यायालयाने मान्य केलं होतं की डब्यांच्या सुरक्षा साधनांचा केंद्रीय कायदा फक्त राज्यातल्या राज्यात फिरणाऱ्या डब्यांनाही लागू होतो, कारण एकाच मार्गावर दोन्ही प्रकारचे डबे धावतात आणि एका सदोष डब्याने सगळ्यांनाच धोका असतो. सुरक्षेला लागू होणारं तत्त्व त्यांनी भाड्याला लावलं.

दुसऱ्या मुद्द्याचं उत्तर कायद्याच्या तिसऱ्या कलमातून आलं. त्या कलमाने कोणत्याही व्यक्तीला, कंपनीला किंवा ठिकाणाला अवाजवी झुकतं माप द्यायला मनाई केली होती. पहिल्या कलमातली सूट राज्यांतर्गत वाहतुकीच्या स्वतंत्र नियमनाबद्दल आहे. आंतरराज्य व्यापाराला जिथे इजा होते तिथे ती ढाल म्हणून वापरता येणार नाही, असा अर्थ न्यायालयाने लावला. आणि दुजाभाव कंपनीच्या मर्जीने झाला की राज्याच्या हुकमाने, याने इजा कमी होत नाही.

म्हणजे आयोगाने टेक्सासचे दर स्वतः ठरवले?

नाही. सगळ्यात जास्त गैरसमज इथेच होतो. आयोगाने टेक्सासमधल्या मालासाठी दरपत्रक तयार केलं नाही. भेद काढा, एवढंच सांगितलं आणि मार्ग निवडणं कंपन्यांवर सोपवलं. टेक्सासचे दर कमी आहेत म्हणून ते बेकायदा आहेत असंही कुणी म्हटलं नाही.

श्रीव्हपोर्टचे दर आणखी खाली आणायला लावून प्रश्न मिटला नसता का? टेक्सासला धक्का लावायची गरज काय होती?

हा प्रश्न खूप जण विचारतात आणि तो अगदी रास्त आहे. ह्यूज यांचं उत्तर मला निकालातला सर्वांत भक्कम भाग वाटतो.

समजा, केंद्राला भेद मिटवायचा एकच मार्ग मोकळा ठेवला: आंतरराज्य दर राज्याच्या दराइतके खाली आणणे. मग आंतरराज्य दर खरं तर ठरवणार कोण? राज्याचं कमिशन. राज्याने आपला दर ५० केला की केंद्राला ५०, राज्याने ३० केला की केंद्राला ३०, मग तो कंपनीला परवडो न परवडो. घटनेने काँग्रेसला दिलेला निर्णय अशा वाटेने राज्याच्या हातात जातो. कंपनीलाही आणि लोकांनाही न्याय्य वाटेल असा दर ठरवून तो टिकवायचा, तर राज्यातला दर वर न्यायची वाट मोकळी असलीच पाहिजे.

याचा तोटा पूर्व टेक्सासच्या गावांना बसू शकत होता. तिथल्या ग्राहकाला ह्यूस्टनचा माल महाग पडण्याची शक्यता होती आणि त्याच्या दृष्टीने हा निकाल कौतुकाचा नव्हता. तरीही मी न्यायालयाच्या बाजूने आहे. त्याला मिळणाऱ्या सवलतीची किंमत हद्दीपलीकडचं शहर मोजत होतं आणि त्या शहराला विचारणारं कुणी नव्हतं.

आदल्याच वर्षी ह्यूज यांनी राज्यांच्या बाजूने निकाल दिला होता ना?

हो, १९१३ च्या मिनेसोटा दर खटल्यांत. राज्याने राज्यांतर्गत दर कमी केल्याने आंतरराज्य दरांवर परिणाम होतो, तरी काँग्रेसने किंवा तिच्या आयोगाने पाऊल उचललेलं नाही तोवर राज्याचे दर चालतील, असं त्यांनी लिहिलं.

दोन्ही निकाल शेजारी ठेवून वाचले तर विसंगती राहत नाही. मिनेसोटात आयोगाने चौकशी करून दुजाभावाचा निष्कर्ष काढलेला नव्हता, श्रीव्हपोर्टमध्ये काढलेला होता. दोन्ही खटल्यांतला फरक आयोगाच्या कामातून आला. म्हणूनच मी या निकालाकडे आधी एका नियामक संस्थेच्या अधिकाराचा निकाल म्हणून बघतो आणि मग केंद्र-राज्य वादाचा म्हणून.

निकाल एकमताचा होता का?

नाही. न्यायमूर्ती होरेस लर्टन आणि महलन पिटनी यांनी असहमती नोंदवली, पण कारणं लिहिली नाहीत. लिहिली असती तर पुढच्या चर्चेला मोठा आधार मिळाला असता, कारण राज्यांची बाजू निकालात फक्त कंपन्यांच्या वकिलांच्या तोंडून येते.

पुढे आयोगाचे अधिकार आणखी वाढले का?

वाढले. १९२० च्या वाहतूक कायद्याने काँग्रेसने हे तत्त्व थेट कायद्यात घातलं. १९२२ मध्ये विस्कॉन्सिनच्या खटल्यात सरन्यायाधीश विल्यम हॉवर्ड टाफ्ट आणखी पुढे गेले: एखाद्या शहरावर अन्याय झाला नसला, तरी राज्यांतर्गत दर इतके कमी असतील की साऱ्या रेल्वेव्यवस्थेचा बोजा आंतरराज्य वाहतुकीवर पडतो, तर आयोग हस्तक्षेप करू शकतो.

आयोगाला मोकळं रान मात्र मिळालं नाही. १९३१ मध्ये फ्लोरिडातल्या लाकडी ओंडक्यांच्या भाड्याचा आयोगाने दिलेला आदेश सर्वोच्च न्यायालयाने रद्द केला. आंतरराज्य व्यापाराला नेमकी काय इजा होते याचे स्पष्ट निष्कर्ष आयोगाने नोंदवले नव्हते. हा निकालही ह्यूज यांचाच. १९१६ मध्ये राष्ट्राध्यक्षपदाची निवडणूक लढवायला न्यायासन सोडलेले, वुड्रो विल्सन यांच्याकडून हरलेले ह्यूज १९३० मध्ये सरन्यायाधीश म्हणून परतले होते.

रेल्वेबाहेर या निकालाचं महत्त्व काय?

'जवळचा आणि ठोस संबंध' ही कसोटी रेल्वेपुरती राहिली नाही. १९३७ मध्ये कामगार संघटनांच्या हक्कांविषयीच्या जोन्स अँड लाफलिन खटल्यात ह्यूज यांनी तिचा आधार घेतला. १९४२ मध्ये शेतकऱ्याने घरच्या वापरासाठी पिकवलेल्या गव्हापर्यंत केंद्राचा हात पोहोचला, त्या विकर्ड खटल्यातही श्रीव्हपोर्टचा दाखला आहे. गव्हापर्यंतची उडी मला फार लांबची वाटते. श्रीव्हपोर्टमध्ये इजा मैलांत आणि सेंटमध्ये मोजून दाखवलेली होती, आणि शिस्त लावली गेली ती दोन्ही प्रकारची वाहतूक करणाऱ्या कंपन्यांनाच.

हा आयोग आज आहे का?

नाही. १९८० च्या स्टॅगर्स कायद्याने रेल्वेदरांवरचं बरंचसं नियंत्रण उठलं, १९९५ च्या अखेरीस आयोग बरखास्त झाला आणि उरलेली कामं भूपृष्ठ वाहतूक मंडळाकडे गेली. टेक्सासचं रेल्वे कमिशन त्याच नावाने चालू आहे, पण ते आता तेल आणि वायू उद्योगाचं नियमन करतं. रेल्वेची राहिलेली कामं २००५ मध्ये राज्याच्या परिवहन खात्याकडे गेली.

भारतात असा वाद का होत नाही?

कारण आपल्या घटनेच्या सातव्या अनुसूचीत रेल्वे हा विषय केंद्रसूचीत आहे, बाविसावी नोंद. महाराष्ट्राचं वेगळं मालभाडं आणि कर्नाटकचं वेगळं, असं होऊ शकत नाही.

भाड्यातला दुजाभाव मात्र आपल्याला नवा नाही. मुंबईसारख्या बंदरांकडे जाणाऱ्या-येणाऱ्या मालाला स्वस्त दर आणि देशातल्या देशात फिरणाऱ्या मालाला महाग, ही ब्रिटिशकालीन रेल्वेविषयीची जुनी तक्रार होती आणि १९१६ ते १९१८ मध्ये काम केलेल्या औद्योगिक आयोगानेही तिची दखल घेतली. अवाजवी झुकतं माप देण्यावरची बंदी मूळची इंग्लंडच्या १८५४ च्या रेल्वे कायद्यातली. तिथून ती अमेरिकेत गेली आणि आपल्याकडेही आली. आपल्या रेल्वे अधिनियम १९८९ च्या कलम ७० मध्ये ती आहे, आणि तिचा भंग झाल्यास तक्रार करता येते: आधी ती रेल्वे दर न्यायाधिकरणाकडे जाई, २०१७ पासून रेल्वे दावा न्यायाधिकरणाकडे.

फरक एवढाच की कलम ७० व्यक्तीला आणि मालाच्या प्रकाराला झुकतं माप द्यायला मनाई करतं. अमेरिकेच्या कायद्यात त्यांच्या जोडीला ठिकाणाचाही स्पष्ट उल्लेख होता, आणि श्रीव्हपोर्टची अख्खी तक्रार त्याच आधारावर उभी होती.